फाइल सापडत नाही म्हणून डिस्क पुसू नये

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या एप्रिलमध्ये, आंब्याचा हंगाम ऐन भरात असताना, देवगड तालुक्यातील आमच्या वाडीतल्या एका बागायतदाराचा संगणक दुरुस्तीला गेला आणि तीन वर्षांच्या गिऱ्हाइकांचे पत्ते, पेट्यांचा हिशेब आणि उधारीच्या नोंदी गमावून परत आला. बिघाड एवढाच होता की बिलांचा प्रोग्राम उघडताना ‘व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल’ ही फाइल सापडत नसल्याची सूचना पडद्यावर येत होती. दुरुस्ती करणाऱ्याने व्हायरस असल्याचे सांगून, नोंदींची प्रत न काढताच डिस्क फॉरमॅट केली. मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावरून साधारण २५ एमबीची एक मोफत फाइल उतरवून बसवली असती, तर काम दहा मिनिटांत झाले असते. मी बावीस वर्षे माध्यमिक शाळेत संगणक शिकवला. असे नुकसान याआधीही पाहिले असल्यामुळे हे पत्र लिहीत आहे.

ही हरवलेली फाइल म्हणजे काय, हे कोकणातल्या माणसाला समजणे अवघड नाही. आपल्याकडे गावकीची भांडी असतात. लग्नकार्याला लागणारे मोठे टोप, पराती आणि कढया प्रत्येक घराने विकत घ्यायच्या नसतात. त्या एका जागी ठेवलेल्या असतात आणि ज्याच्या घरी कार्य असेल तो तेवढ्यापुरत्या नेतो. फायली उघडणे, अक्षरे दाखवणे, जोडणी सुरक्षित राखणे अशी अनेक प्रोग्रामना लागणारी कामेही याच रीतीने एकदाच लिहून सामाईक फायलींत ठेवलेली असतात. त्यांना शेअर्ड लायब्ररी म्हणतात. विंडोजमध्ये त्यांच्या नावाच्या शेवटी ‘डीएलएल’ असते, तर लिनक्स या मोफत संगणक-प्रणालीत ‘एसओ’ आणि त्यापुढे बहुधा आवृत्तीचा आकडा असतो. यामुळे डिस्कवरची आणि मेमरीतली जागा वाचते, पण मोठा लाभ सुरक्षिततेचा आहे. एप्रिल २०१४ मध्ये जोडणी सुरक्षित राखणाऱ्या ओपनएसएसएल या लायब्ररीतील ‘हार्टब्लीड’ नावाचा गंभीर दोष उघड झाला, तेव्हा ती लायब्ररी सामाईक वापरणाऱ्या प्रोग्रामना एकेक करून दुरुस्त करावे लागले नाही. सुधारित लायब्ररी बसवून ते पुन्हा सुरू केले की दोष गेला.

विंडोजवर ही अडचण बहुतेक वेळा प्रोग्राम बसवण्याच्या पद्धतीतून येते. एखाद्या ओळखीच्या माणसाकडून पेन ड्राइव्हवर प्रोग्रामचे नुसते फोल्डर उचलून आणले, की प्रोग्राम येतो, पण त्याला लागणारी सामाईक फाइल मूळ संगणकावरच राहते. वर सांगितलेली ‘व्हीसीरनटाइम१४०’ आणि तिची सोबतीण ‘एमएसव्हीसीपी१४०’ या दोन्ही मायक्रोसॉफ्टच्या ‘व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल’ या मोफत पॅकेजात मिळतात. ‘१४०’ हा आकडा व्हिज्युअल स्टुडिओ या प्रोग्राम लिहिण्याच्या साधनाच्या २०१५ आणि त्यानंतरच्या आवृत्त्यांची खूण आहे. संगणक ६४ बिटचा असला तरी प्रोग्राम ३२ बिटचा असेल, तर त्याला ३२ बिटचेच पॅकेज लागते, म्हणून दोन्ही बसवून ठेवावीत. पॅकेज बसवूनही सूचना जात नसेल, तर अँटिव्हायरसने ती फाइल अडवून ठेवलेली नाही ना, हेही पाहावे. प्रोग्राम पुन्हा बसवल्यास अडचण सुटू शकेल, हे त्या सूचनेतच लिहिलेले असते; दुर्दैवाने इंग्रजी वाक्य दिसताच ते न वाचता ‘ओके’ दाबण्याची आपल्याला सवय झाली आहे.

लिनक्सची सूचना याहून स्पष्ट असते, कारण ती नेमकी कोणती लायब्ररी उघडता आली नाही ते नावानिशी सांगते. ‘एलडीडी’ ही आज्ञा प्रोग्रामच्या नावासह दिली की त्याला लागणाऱ्या सर्व लायब्ररींची यादी येते आणि नसलेल्या लायब्ररीपुढे ‘नॉट फाउंड’ असा शेरा दिसतो. खात्रीच्या नसलेल्या प्रोग्रामवर मात्र ही आज्ञा चालवू नये, कारण काही वेळा त्यामुळे तो प्रोग्रामच चालू शकतो. आमच्या शाळेच्या प्रयोगशाळेत सोर्स कोडपासून, म्हणजे मूळ लिखित आज्ञांपासून, तयार केलेल्या एका प्रोग्रामने दोन तास घेतले होते. लायब्ररी ‘यूएसआर लोकल’मधील ‘लिब’ फोल्डरात डोळ्यांसमोर होती, तरी प्रोग्राम ती नाही असेच म्हणत होता. भांडे खोलीत असूनही भांडारवाल्याच्या वहीत नोंद नसावी, तसा तो प्रकार होता. ‘एलडीकॉन्फिग’ ही आज्ञा प्रशासकाच्या अधिकाराने चालवल्यावर ती वही नव्याने लिहिली गेली आणि प्रोग्राम लगेच सुरू झाला.

फाइल जागेवर आहे, पण आवृत्ती वेगळी आहे, हा प्रकार याहून फसवा असतो. उबुंटू या लिनक्सच्या एका प्रकाराच्या २२.०४ आवृत्तीत ओपनएसएसएल ३ आल्यामुळे ‘लिबएसएसएल.एसओ.१.१’ ही तिची जुनी फाइल मागणारे जुने प्रोग्राम अडले. अशा वेळी नव्या फाइलला जुने नाव देऊन वेळ मारून नेण्याचा सल्ला सर्रास दिला जातो. तो मुळीच मानू नये. नावातला तो आकडा बदलतो, तेव्हा आतली मांडणीही बदललेली असते. प्रोग्राम सुरूच होत नाही किंवा सुरू होऊन मध्येच कोसळतो, आणि मग कारण शोधणे दुप्पट कठीण होते. ओपनएसएसएलची जुनी १.१.१ आवृत्ती शोधून बसवणेही टाळावे, कारण तिला मिळणारे सर्वसाधारण सुरक्षा पाठबळ सप्टेंबर २०२३ मध्ये संपले आहे. प्रोग्रामचीच नवी आवृत्ती मिळवावी. सुट्या डीएलएल फायली वाटणाऱ्या संकेतस्थळांपासून तर कटाक्षाने दूर राहावे. तिथली फाइल कोणी ठेवली आणि तिच्यात काय घातले, हे कळण्याचा मार्ग नसतो, आणि तिच्यात पुढे दोष निघाला तर तो दुरुस्त करायलाही कोणी येत नाही.

माझ्या दोन मागण्या आहेत. हिशेबाचे आणि बिलांचे प्रोग्राम विकणाऱ्यांनी लागणारी पॅकेजेस आपल्या इन्स्टॉलरमध्येच द्यावीत. मायक्रोसॉफ्ट त्यांच्या वाटपाला परवानगी देते, तरी अनेक लहान विक्रेते ती देत नाहीत. आणि दुरुस्ती करणाऱ्यांनी डिस्क पुसण्यापूर्वी गिऱ्हाइकाच्या नोंदींची प्रत काढावी आणि पडद्यावरची सूचना अक्षरशः कागदावर लिहून त्याच्या हाती द्यावी. आमच्या बागायतदाराने पुढचे दोन महिने मुंबई-पुण्याच्या गिऱ्हाइकांना फोन करून पत्ते नव्याने लिहून घेतले. उधारीचे आकडे मात्र गिऱ्हाइकांनी सांगितले तेच त्याला मान्य करावे लागले.

आपला विश्वासू,
एक निवृत्त संगणक शिक्षक,
देवगड तालुका, जि. सिंधुदुर्ग