‘कॅलायोपी’ वाचली ती इंजिनखोलीमुळे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

जुन्या युद्धनौकांवरच्या आपल्या लेखात ‘कॅलायोपी’ या ब्रिटिश क्रूझरची आठवण निघाली, हे बरे झाले. मात्र मार्च १८८९ मध्ये दक्षिण पॅसिफिकमधल्या सामोआ बेटांच्या आपिया बंदरातून ती वादळात बाहेर पडली, याचे सगळे श्रेय लेखकाने कॅप्टन हेन्री केन यांच्या धाडसाला देऊन टाकले आहे. धाडस होतेच, पण नुसत्या धाडसाने २,७७० टनांचे जहाज हलत नाही.

बंदरात सात युद्धनौका होत्या : तीन अमेरिकी, तीन जर्मन आणि ही. आपियाचे तोंड उत्तरेला, दोन्हीकडे प्रवाळाचे खडक आणि मधली वाट अरुंद. उत्तरेचा वारा सुटला की आडोसा म्हणून काही उरत नाही. वायुभारमापकाचा पारा उतरत होता (वादळाची खूण), तरी सामोआवरून तिन्ही सत्तांची रस्सीखेच चालू असल्याने आधी निघायला कोणी तयार नव्हते. १६ मार्चच्या सकाळी ‘कॅलायोपी’च्या मागे काही फुटांवर खडक आणि पुढ्यात अमेरिकी ‘व्हँडेलिया’ अशी गत झाली, तेव्हा केन यांनी नांगरांच्या साखळ्या सोडून दिल्या आणि पूर्ण वाफेचा हुकूम दिला.

खरी कसोटी इथून पुढे. कंपाउंड इंजिन (तीच वाफ दोन टप्प्यांत वापरणारे), सहा बॉयलर, प्रोपेलर एकच. भट्ट्यांत पंख्यांनी हवा दाबून घातली की सुमारे ४,००० अश्वशक्ती मिळे आणि शांत समुद्रात पावणेपंधरा नॉट (ताशी सागरी मैल) वेग. त्या सकाळी तेवढाच जोर लावून जहाज जेमतेम अर्धा-एक नॉटने सरकत होते. अशा लाटांत नाळ (जहाजाचे पुढचे टोक) खाली गेली की पिछाडी उचलली जाते, प्रोपेलर पाण्याबाहेर येतो आणि भार सुटलेले इंजिन सुसाट फिरते. तो पुन्हा पाण्यात शिरला की शाफ्टला (प्रोपेलर फिरवणाऱ्या दांड्याला) हिसका बसतो. म्हणून वाफेच्या झडपेवरचा हात क्षणभरही काढता येत नाही : पिछाडी उचलताना वाफ तोडायची, बुडताना परत द्यायची. एकच शाफ्ट असताना तो गेला की सारेच संपले. इंजिनखोलीचे प्रमुख हेन्री बर्क यांना या कामगिरीसाठी खास बढती मिळाली. लेखात त्यांचे नावही नाही!

कोळशाचेही तसेच. हलका कोळसा असला की भट्टीच्या जाळीवर खंगर (वितळून घट्ट झालेली राख) धरतो, हवा अडते. तो खरवडायला दार उघडले की भट्टी निवते आणि वाफेचा दाब उतरतो. ‘कॅलायोपी’कडे न्यूझीलंडच्या वेस्टपोर्टचा चांगला कोळसा होता. पुढे कितीतरी वर्षे त्या कोळशाची जाहिरात याच प्रसंगावर चालली, हा भाग वेगळा.

उलट उदाहरणही त्याच बंदरात होते. अमेरिकी ‘ट्रेंटन’ आकाराने मोठी, पण तिच्या नांगराच्या साखळ्यांची भोके फार खाली होती. त्यांतून पाणी आत घुसले, भट्ट्या विझल्या, सुकाणूही मोडले. तशा अवस्थेत तिच्या खलाशांनी जवळून जाणाऱ्या ‘कॅलायोपी’ला जयघोष करून निरोप दिला. तीन दिवसांनी ‘कॅलायोपी’ परतली, तेव्हा बाकीच्या सहाही युद्धनौका बुडाल्या तरी होत्या किंवा काठाला लागल्या होत्या.

आणखी एक. लेखातले ‘१८९० मध्ये मायदेशी परतून निवृत्त’ हे बरोबर नाही. आधी राखीव ताफ्यात आणि १८९७ पासून प्रशिक्षणाच्या कामात ती होतीच. १९०७ ते १९५१ अशी तब्बल ४४ वर्षे तिने इंग्लंडमधल्या टाइन नदीवर स्वयंसेवक नौसैनिकांच्या कवायतीचे जहाज म्हणून काढली. परदेशातली तिची नेमणूक इनमीन तीन वर्षांची होती. भगिनीनौका ‘कॅलिप्सो’ही अशाच कामासाठी न्यूफाउंडलंडला गेली. १९१५ मध्ये ‘कॅलायोपी’ हे नाव नव्या क्रूझरला दिल्यामुळे जुनी नौका १९३१ पर्यंत ‘हेलिकॉन’ म्हणून नोंदली गेली. गोंधळ तिथेच होतो. जुन्या नौकेला तीन डोलकाठ्या आणि शिडांचा सगळा सरंजाम होता. आपण छापलेले दोन धुराड्यांचे छायाचित्र त्या दुसऱ्या ‘कॅलायोपी’चे आहे. पुढच्या अंकात तेवढी दुरुस्ती छापावी.

– एक वाचक, रत्नागिरी