बांगड्यांवरून ओळखलं

रोम, २२ जानेवारी

प्रिय बाळ्या,

आधी शिव्या घालून घे. तुझे दोन फोन, एक लांबलचक मेसेज आणि दिवाळीतलं ते पणत्यांचं चित्र, सगळं बघितलं आणि कशालाही उत्तर दिलं नाही. तब्येत ठीक. साखर जरा वर गेली म्हणून अर्धी गोळी एक झाली, हिची टाच दुखते, नातू चालायला लागलाय आणि घरातल्या खालच्या सगळ्या कप्प्यांना आता सुतळी बांधलेली असते. संपलं.

मंगलचा फोन आला होता. माईच्या मंगलचा.

आपल्या नाट्यसंस्थेची स्मरणिका काढ. पान तेवीस. दुसऱ्या अंकाचा तुझा फोटो. आप्पा खुर्चीत, पम्या उभा, मी दाराशी आणि उजव्या कडेला चहाचा ट्रे घेऊन येणारी माई. आता पानावर बघ, माई आहे का? नाही. फोटो आडवा, पानावर जागा दोनच कॉलमांची, खाली नंदूच्या मेव्हण्याच्या हार्डवेअरच्या दुकानाची जाहिरात आधीच पैसे घेऊन ठेवलेली. रात्रीचा दीड वाजला होता. मी उजवी कड कापली. उरला तो ट्रे, दोन कप आणि कोपरापर्यंतचा एक हात. खाली ओळ दिली, ‘डावीकडून आप्पा, पम्या, विनायक’.

मंगल म्हणाली, “काका, तो ट्रे धरलेला हात आईचाच ना? बांगड्यांवरून ओळखलं मी.” एवढंच. आवाजात राग नाही, काही नाही. कडकडून भांडली असती तर मी छापखान्यावर ढकललं असतं, तयारीही होती माझी. पण ती म्हणाली, ठेवते काका, कुकर लावलाय.

मग मी अख्खी स्मरणिका चाळली. चौसष्ट पानं. संपादक म्हणून माझं नाव दोन ठिकाणी. माईचं एकदा, दिवंगत सभासदांच्या यादीत. आपल्या संस्थेतल्या जवळजवळ प्रत्येक नाटकातली म्हातारी तिने केली रे! अठ्ठावीस वर्षांची असताना ती आप्पांची आई झाली होती. आप्पा तेव्हा चाळीसचे.

हे मंगळवारी झालं. गुरुवारी दुपारी नातवाला झोपवून टीव्ही लावला तर एक काळापांढरा इटालियन सिनेमा चालू होता, आणि त्यात आपली माई दार उघडून आली. शपथ सांगतो. काळा झगा, मागे घट्ट बुचडा, ओठ आत ओढलेले, आणि तोंड उघडल्यावर विहिरीतून आल्यासारखा तो घोगरा आवाज. लेकीला हाक मारली तर ती म्हणाली, बाबा, मी मीटिंगमध्ये आहे.

खालच्या मजल्यावरच्या सिन्योरेला विचारलं. ती ऐंशीच्या पुढची. मोडकंतोडकं वर्णन केलं तर तिने हात जोडून वर बघितलं आणि “ला पीका! कारामेला!” म्हणत माझ्या तोंडावर तो आवाज काढून दाखवला. पीका हे नटीचं नाव, कारामेला तिच्या पात्राचं. जिना लोलोब्रिजिदा हे नाव तिच्या तोंडी नंतर आलं. खूप नंतर. त्या सिनेमाची नायिका जिना आहे, बाळ्या.

सिनेमा १९५३चा, ‘पाने, आमोरे ए फांतासिया’, दिग्दर्शक लुइजी कोमेंचिनी. डोंगरातल्या गावात पोलिसांचा एक वयस्कर मारेशाल्लो, म्हणजे फौजदारच म्हण, बदली होऊन येतो आणि पोरीबाळींवर लाइन मारत फिरतो. तो कोण असेल? व्हित्तोरिओ डि सिका! ‘बायसिकल थीव्ह्ज’ दाखवून आप्पा ज्याच्यावर पाऊण तास बोलले होते आणि तू घोरला होतास, तोच. युद्धानंतरची गरिबी दाखवून जगाला रडवणारा माणूस पाच वर्षांनी मिशीला पीळ देत पोरींच्या मागे. इथले लोक या प्रकाराला गुलाबी नववास्तववाद म्हणतात. गरिबी तीच, पण हसत. त्यातला एक म्हातारा भाकरी खात बसलेला असतो. मारेशाल्लो विचारतो, आत काय घातलंयस? तो म्हणतो, “फांतासिया, मारेशा!” म्हणजे काही नाही. कोरडी भाकरी, वर मनातलं तोंडीलावणं.

कारामेला ही या मारेशाल्लोची स्वयंपाकीणबाई. कारामेला म्हणजे लिमलेटची गोळी, आणि हे नाव दिलंय कोणाला तर या आंबट तोंडाच्या बाईला. ती काही करत नाही रे. ताट ठेवते, बातमी सांगते, निघून जाते. डि सिका सगळा जोर लावून गोड बोलत असतो, ही नुसती बघते, आणि आपण तिच्याकडे बघायला लागतो. माई आप्पांना हेच करायची. आप्पांचं स्वगत चालू असताना ती मागे पांघरुणाची घडी घालायची, नुसती घडी, आणि सगळं थिएटर घडीकडे. आप्पांनी शेवटी पांघरूणच प्रॉपर्टीतून, म्हणजे नाटकाच्या सामानातून, काढून टाकलं.

तर ही तीना पीका. जन्म नेपल्सचा, १८८४. हिशेब कर. कारामेला झाली तेव्हा वय एकोणसत्तर. आपली माई एकसष्टाव्या वर्षी गेली. मी हा हिशेब वहीत मांडला, वजाबाकी केली आणि वही मिटली.

त्याआधी काय करत होती, तर हेच. बाप जुझेप्पे पीका नट, नेपल्सच्या लोकनाट्यातल्या विनोदी पात्रासाठी गाजलेला. पोरगी लहानपणीच स्टेजवर. आवाज पहिल्यापासून जाड, म्हणून पुरुषांची कामंही यायची, हॅम्लेटसुद्धा केला म्हणे. आपल्याकडे पुरुष लुगडी नेसून उभे राहत होते तेव्हा तिकडे ही बाई हॅम्लेट! पुढे दे फिलिप्पो भावंडांच्या कंपनीत गेली. एदुआर्दो, तितिना, पेप्पीनो. तिघंही तिच्यापेक्षा लहान, तिघंही मोठी नावं. एदुआर्दोने १९४६मध्ये ‘फिलुमेना मार्तुरानो’ लिहिलं ते बहिणीसाठी, तितिनासाठी. त्यात फिलुमेनाची सोबतीण रोझालिया, ती तीनाची. १९५१च्या सिनेमातही रोझालिया तीच. आणि १९६४ला डि सिकाने सोफिया लॉरेनला घेऊन तेच नाटक पुन्हा पडद्यावर आणलं तेव्हा रोझालिया केली तेक्ला स्कारानोने. नायिका बदलली की सोबतीण बदलणारच म्हणा. तुझ्या त्या मुंबईच्या प्रयोगात माईच्या जागी कोणाला घेतलं होतंस, आठवतंय? मी उकरून काढत नाही, फक्त विचारतोय.

बोलपटांत ती तिसाच्या दशकापासून आहे. टोटोचा पहिला सिनेमा १९३७चा, त्यातही आहे. टोटो म्हणजे यांचा दादा कोंडके म्हण, दादा आणि शरद तळवलकर मिळून एक. पण आहे म्हणजे कशी, दारात, खिडकीत, कोणाची तरी मावशी. मग ५३ साली ही कारामेला, ५४ला दुसरा भाग, ५५ला तिसरा. दुसऱ्या भागासाठी इटालियन समीक्षकांची रुपेरी फीत मिळाली, साहाय्यक अभिनेत्री म्हणून. सत्तरी उलटलेली. आणि मग निर्मात्यांना जाग आली. एकदम नायिका! १९५७ला दिनो रिसीच्या ‘नोन्ना साबेल्ला’त ती सगळ्या गावाला जेरीस आणणारी आजी, मरतेय मरतेय म्हणत न मरणारी. त्याला सान सेबास्तियानच्या महोत्सवात पहिलं बक्षीस. १९५९ला तर सिनेमाच्या नावातच ‘पीका’. पंचाहत्तराव्या वर्षी! ते नंतरचे सिनेमे मात्र भिकार आहेत. मी दोन बघितले. तिला मध्यभागी बसवली की ती घडी घालता येत नाही, बोलत बसावं लागतं, आणि मजा जाते. म्हणजे बघ, कडेला ठेवलं तरी माझी तक्रार आणि मध्ये आणलं तरी.

एक गंमत खास तुझ्यासाठी. तिचा दुसरा नवरा खऱ्या आयुष्यात पोलिसातला होता आणि नाटकं लिहायचा. पडद्यावर फौजदाराचं ताट वाढायचं, घरी शिपायाची स्क्रिप्टं ऐकायची. कोणती ड्यूटी कठीण, वहिनींना विचार.

शेवटचा सिनेमा तूही बघितलायस. ‘येस्टरडे, टुडे अँड टुमॉरो’, १९६३. हो, तोच, मास्त्रोयान्नीसमोर सोफिया स्टॉकिंग काढते तो. त्या गच्चीत शेजारी एक आजी असते, जिचा सेमिनरीत पाद्री व्हायला शिकणारा नातू सोफियासाठी वेडा होतो. आधी ती सोफियाला लाखोली वाहते, आणि मग रडत तिच्याच दारात येते, माझ्या पोराला समजाव म्हणून. एकोणऐंशी वर्षांची तीना. आपण तेव्हा तिकीट काढून काय बघितलं ते तुलाही माहीत आहे. आजी मला काल पहिल्यांदा दिसली. ते घर इथल्याच पियात्सा नव्होना या चौकात. आज बाबागाडी घेऊन तिथे गेलो आणि वर गच्च्या मोजत उभा राहिलो. नातवाने कबुतरांना अख्खा पाव घातला.

त्याआधीच्या रविवारी जावयाने कास्तेल सान पियेत्रो रोमानोला नेलं, पहिल्या कारामेलाचं शूटिंग झालं ते गाव. पालेस्त्रीनाच्या वर, वळणावळणाचा रस्ता. दगडी घरं, पायऱ्या, कडाक्याची थंडी. एका दारात काळा स्वेटर घातलेली म्हातारी उभी होती. मी वेड्यासारखा हसलो तिच्याकडे बघून. तिने दार लावून घेतलं.

आता मुद्दा. मी ठरवलंय की स्मरणिकेला एक सुटं पान छापायचं, माईचं, आणि प्रत्येक प्रतीत घालायचं. खर्च माझा. लिहायला बसलो. चार ओळी झाल्या. ‘माईंनी संस्थेच्या अनेक नाटकांत भूमिका केल्या’ ही त्यातली एक. थू! कधीही न पाहिलेल्या नेपल्सच्या बाईवर वहीची नऊ पानं भरलीत आणि जिने मला मिशी चिकटवायला शिकवली तिच्यावर चार ओळी. ती संस्थेत आली कोणत्या साली? आणलं कोणी? आप्पा म्हणायचे मी, पम्याची आई म्हणायची मी. आता दोघंही नाहीत. दिवे गेले त्या प्रयोगात ती कंदील घेऊन आली आणि चार मिनिटं जावयाच्या नावाने बोटं मोडत राहिली, ते नाटक कुठलं? त्यात जावईच नव्हता एवढं पक्कं आठवतं.

म्हणून तुझ्याकडे दोन कामं. एक, आठवेल ते लिही, बोलून पाठवू नकोस, तू बोललास की तुझ्यावरच येतोस. दोन, ट्रंक उघड. त्या फोटोचं निगेटिव्ह तुझ्याकडे असणार, आग्फा क्लिक कॅमेऱ्याचं. तू पाठवलेल्या फोटोवर मी कापलेलाच सेव्ह करून बसलो, आणि तुझा मेसेज कधीच पुसला. मूळ फोटो कुठेही नाही.

आणि हो, उरलेल्या त्या तुकड्याकडे जरा चष्मा लावून बघ. ट्रेमध्ये दोन कप आहेत, किटली नाही. म्हणजे हा कोल्हापूरचा प्रयोग. चाळीस वर्षं तू सांगतोयस किटली विन्या विसरला. प्रॉपर्टी कोणाकडे होती? आणि किटली विंगेत ठेवायच्या वेळी तिसऱ्या रांगेत बसून फोटो कोण काढत होतं? माई त्या रिकाम्या ट्रेने आत आली आणि म्हणाली, “दूध नासलं, सरबत टाकते,” आणि पम्या नको नको म्हणेपर्यंत आत जाऊन किटली घेऊन आली. टाळी पम्याने घेतली.

अमेयचं जमलं हे वाचून आनंद झाला, मुलगी चांगली दिसते. तारीख एप्रिलच्या मध्यात असेल तर आम्ही परत असू. गुडघ्याचं ऑपरेशन लग्नाआधी करू नकोस, पंगतीत खुर्चीवर बसवतील. वहिनींना नमस्कार.

मंगलला मी अजून फोन केलेला नाही. उद्या करतो. इथे सकाळी आठ म्हणजे तिकडे साडेबारा. तेव्हा तिचा कुकर उतरलेला असेल.

तुझा,
विन्या

ता.क. निगेटिव्ह सापडलं तर उजेडाला धरून आधी एवढंच कळव, माई बघत्येय कुठे? ट्रेकडे, आप्पांकडे की तुझ्याकडे?