मुळ्याचा प्रसाद आणि बाबांचा गुडघा

निशी-कासाई, तोक्यो
१ डिसेंबर

ती. आई-बाबांना साष्टांग नमस्कार.

परवा फोनवर बाबा म्हणाले, "गुडघा पोवई नाक्यापर्यंत नेईना, आता कसलं जपान!" मी तेव्हा काही बोलले नाही. पण काल आम्ही तिघं (निखिल, ईशान आणि मी) असाकुसा आणि उएनो हे दोन भाग दिवसभर पायी हिंडून आलो, आणि पूर्ण वेळ माझं लक्ष एकाच गोष्टीकडे होतं. इथं बाबांना जमेल का, इथं आईला टेकायला जागा आहे का. फोनवर मी असं काही सांगायला लागले की बाबा "बरं, आईशी बोल" म्हणून मोकळे होतात. म्हणून पत्र लिहितेय. बाबा, पूर्ण वाचा.

गेल्या वर्षी आम्ही अशाच एका सहलीला गेलो होतो. पंचवीस माणसं आणि झेंडा घेऊन पळणारा गाईड. तासाभरात ईशान रडायला लागला आणि आम्ही अर्ध्यातून परत आलो. त्यामुळे या वेळी मुलं आणि म्हातारी माणसं बरोबर असलेल्यांसाठी असते तशी छोटी फेरी शोधली. आम्ही तिघं, एक ऑस्ट्रेलियन आजी-आजोबा आणि त्यांची नात, एवढेच होतो. वाट दाखवणाऱ्या बाई पंचाहत्तरीच्या, निवृत्त शिक्षिका. ईशान पहिल्या पाच मिनिटांत त्यांना "ओबाआचान" म्हणायला लागला, म्हणजे आपल्याकडची आजी.

ओबाआचाननी निघण्याआधी सगळ्यांना विचारलं, कुणाचं काय दुखतं? ऑस्ट्रेलियन आजोबांनी कंबर सांगितली. मी म्हटलं, माझ्या वडिलांचा गुडघा दुखतो, ते आज नाहीत पण एप्रिलमध्ये येणार आहेत. (हो, तुम्हाला न विचारताच सांगितलं.) त्या हसल्या नाहीत. त्यांनी वहीत लिहून घेतलं, आणि मग दिवसभर ठिकठिकाणी मला बाजूला घेऊन "वडिलांना इथून आणा", "इथे लिफ्ट मागच्या बाजूला आहे" असं सांगत राहिल्या.

सुरुवात असाकुसाच्या देवळाच्या कामिनारिमोन या दरवाजापासून झाली. मधोमध लाल कागदी कंदील टांगलेला, ३.९ मीटर उंच आणि सुमारे ७०० किलोचा. फोटोत तो सगळेच पाहतात. ओबाआचाननी मुलांना बरोबर त्याच्या खाली उभं केलं आणि वर बघायला सांगितलं. कंदिलाच्या बुडाला लाकडात कोरलेला ड्रॅगन आहे. ईशान मान मोडेपर्यंत बघत होता. हा दरवाजा १८६५ मध्ये जळाला आणि जवळजवळ शंभर वर्षं तिथे कायमचा दरवाजा नव्हता. १९६० मध्ये तो पुन्हा उभा राहिला तो कोनोसुके मात्सुशिता यांच्या देणगीतून, म्हणजे पॅनासॉनिक कंपनीचे संस्थापक. त्यांना सांधेदुखीचा त्रास होता, त्यांनी इथे नवस बोलला आणि बरं वाटलं म्हणून दरवाजा बांधून दिला. बाबा, हे ऐकताना ओबाआचान माझ्याकडे बघत होत्या.

पुढे नाकामिसे नावाची गल्ली, अडीचशे मीटर लांब, दोन्ही बाजूंना दुकानं. आपल्याकडे जत्रेत देवळाच्या वाटेवर असतात तशीच. आई, तुला हे आवडेल: तांदूळ फुलवून साखरेच्या पाकात बांधलेल्या वड्या मिळतात, कामिनारि-ओकोशी. आपल्या मुरमुऱ्याच्या वडीची सख्खी बहीण. आणि छोट्या साच्यात भाजलेले गोड केक, आत लाल चवळीसारख्या अझुकीचं गोड सारण. मी डोळे मिटून खाल्लं तर तुझ्या पुरणाची आठवण आली, फक्त वेलदोडा नाही. चालता चालता खायचं नाही, ज्या दुकानातून घेतलं त्याच्याच समोर उभं राहून संपवायचं. कचऱ्याचे डबे जवळपास नाहीत, कागद खिशात ठेवून घरी न्यायचा. ईशानच्या खिशातून रात्री सात कागद निघाले.

देऊळ आहे कान्नोनचं, म्हणजे अवलोकितेश्वराचं, बौद्धांच्या करुणेच्या बोधिसत्त्वाचं. अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यातला कमळ धरलेला पद्मपाणी आठवतो ना, तोच. कथा अशी की ६२८ साली दोन कोळी भावांच्या जाळ्यात सुमिदा नदीतून मूर्ती आली. ती कुणाला दाखवत नाहीत, आणि तरी रोज हजारो लोक हात जोडून जातात. देवळासमोर मोठं धुपाटणं आहे, लोक त्याचा धूर हातानं ओढून जिथं दुखतं तिथं लावतात. आजोबांनी कंबरेला लावला. ईशाननं डोक्याला लावला, कारण ओबाआचान म्हणाल्या की अभ्यास चांगला होतो. मी दोन्ही ओंजळी भरून धूर माझ्या उजव्या गुडघ्याला लावला. तुमचाही उजवाच ना, बाबा?

त्याआधीच्या दुसऱ्या दरवाजावर मागच्या बाजूला दोन प्रचंड गवती चपला लटकवल्यात, साडेचार मीटर लांब. यामागाता प्रांतातली माणसं दर काही वर्षांनी नव्या विणून आणतात. हात लावला की पाय चालते राहतात अशी समजूत. तिथेही मी तुमच्या नावानं हात लावला.

देवळाच्या आवारात गिंको नावाचं एक जुनं झाड आहे, आत्ता सगळं हळदीसारखं पिवळं झालंय. १० मार्च १९४५ च्या रात्री अमेरिकी विमानांनी हा सगळा भाग जाळला, एका रात्रीत सुमारे एक लाख माणसं गेली. मुख्य देऊळही जळालं, आत्ताचं १९५८ चं आहे. गिंकोच्या खोडावर तो जळका काळा भाग अजून दिसतो. इतका वेळ बोलणाऱ्या ओबाआचान तिथे काहीच बोलल्या नाहीत. खोडावर हात ठेवून उभ्या राहिल्या. मुलंही गप्प झाली.

आणि आता, आई, तुझ्यासाठी. देवळापासून दहा मिनिटांवर, नदीजवळ, मात्सुचियामा शोदेन नावाची टेकडी आहे. तिथला देव कांगितेन. कांगितेन म्हणजे आपला गणपती! बौद्ध धर्माबरोबर भारतातून चीनमार्गे इथे पोहोचलेला. इथेही मूर्ती पडद्याआड असते. पण त्याला काय वाहतात माहितेय? मुळा. पांढरा, लांबलचक, हातभर मुळा. पायरीवर, कंदिलावर, दगडी कोरीव कामात सगळीकडे मुळ्याची जोडी आणि बटव्याची खूण. मुळा मन शुद्ध करतो आणि बटवा म्हणजे बरकत. मुलांना ओबाआचाननी किती मुळे आणि किती बटवे सापडतात ते मोजायला लावलं, त्यामुळे आम्हा मोठ्यांना निवांत बसायला मिळालं. मी डोळे मिटून अथर्वशीर्ष म्हटलं. दूर्वा नव्हत्या, मोदक नव्हते, तरी देव ओळखीचा वाटला. मोदकाचंही सांगते: कांगितेनच्या नावाची कांगिदान नावाची एक तळलेली गोड पुरचुंडी क्योतोत मिळते. तू आलीस की तिकडेही जाऊ.

टेकडी म्हटल्यावर बाबांच्या कपाळावर आठी आली असेल. तिथे पायऱ्यांच्या बाजूला रुळावरून वर जाणारी छोटीशी गाडी आहे, म्हाताऱ्यांसाठी आणि बाळांच्या गाड्यांसाठीच केलेली. मी ती स्वतः बसून पाहिली. आरामात बसता येतं.

दुपारी नदीकाठच्या बागेत बाकावर बसून डबा खाल्ला. दशम्या, शेंगदाण्याची चटणी, आजी-आजोबांनाही दिली. खाण्याचं मी खरं ते सांगते: शाकाहारी माणसाला इथे बाहेर खाणं अवघड आहे. साध्या दिसणाऱ्या रश्शातही सुकवलेल्या माशाचा अर्क असतो. आपण डबा नेऊ, त्यात कमीपणा नाही. आणि दुसरं, तोक्योत रस्त्यावर बसायला बाकं फार थोडी. ती घडीची काठी-खुर्ची मिळते ना, ती मी बाबांसाठी घेऊन ठेवणार आहे.

मग गिंझा मार्गाच्या भुयारी गाडीनं उएनोला गेलो. हाच तुकडा, असाकुसा ते उएनो, १९२७ मध्ये सुरू झाला, आशियातली पहिली भुयारी रेल्वे. स्टेशनभर जमिनीवर उंचवट्याच्या पिवळ्या पट्ट्या आहेत, अंध माणसांना पायानं वाट कळावी म्हणून. त्यांचा शोधही जपानचाच, १९६५ सालचा.

उएनोला रेल्वेच्या पुलाखाली आमेयोको बाजार आहे, युद्धानंतरच्या काळ्या बाजारातून वाढलेला. मासेवाले घसा फोडून ओरडत असतात, सुकामेवा, बूट, चहा, सगळं एकमेकांना खेटून. निखिल तिथे खूश, मला मात्र गर्दीत ईशानचा हात सोडवेना. तुम्हाला तिथे नेणार नाही, किंवा सकाळी लवकर नेईन. त्यापेक्षा शेजारचं शिनोबाझु तळं बरं. मधल्या बेटावर बेन्तेनचं देऊळ आहे, आणि बेन्तेन म्हणजे सरस्वती. तिच्या हाती वीणेऐवजी बिवा नावाचं तंतुवाद्य असतं. तळ्यातली कमळं आत्ता वाळून काड्या झाल्यात. दिवसभरात गणपती आणि सरस्वती दोघांना भेटले, आणि दोन्ही वेळा तुझी आठवण आली, आई.

निघताना ओबाआचाननी वहीतलं ते पान फाडून मला दिलं. त्यावर जपानी आणि इंग्रजीत लिफ्ट कुठे, स्वच्छतागृह कुठे, बसायची जागा कुठे, सगळं नकाशासकट. वरती लिहिलंय, "एप्रिल, वडील, गुडघा."

मार्चच्या शेवटी आणि एप्रिलच्या सुरुवातीला सुमिदाच्या काठी चेरी फुलतात. योशिमुने या शोगुननं, म्हणजे तेव्हाच्या लष्करी राज्यकर्त्यानं, अठराव्या शतकात तिथे झाडं लावली, तेव्हापासून लोक तिथे फुलं बघायला जातात. व्हिसाला लागणारे निमंत्रणाचे कागद मी या आठवड्यात कुरिअर करते. बाबा, तुमच्या पासपोर्टची मुदत बघून कळवा, मला वाटतं संपत आलीय. आणि उद्यापासून रोज सकाळी पोवई नाक्याच्या दिशेनं जमेल तेवढंच चाला, दमलात की परत फिरा.

मात्सुचियामाच्या देवळातून येताना वाहिलेल्या मुळ्यांपैकी एक प्रसाद म्हणून दिला. काल रात्री त्याची दही घालून कोशिंबीर केली, आणि पाल्याची पीठ पेरून भाजी. ईशाननं दोन्ही खाल्लं. गोडा मसाला संपलाय, येताना अर्धा किलो आण.

तुमची,
मनू