बोनोबाई, तुमचे मनापासून आभार

आदरणीय फ्रान्स्वाज बोनोबाई,

२०१८च्या जूनमध्ये तुम्ही गेलात, त्यामुळे हे पत्र तुमच्या हाती पडणार नाही. तरी लिहिते आहे. मी माहितीपटांचं संकलन करते, आणि या कामातलं मला जे काही येतं त्यातलं बरंचसं तुमचे चित्रपट पुन्हा पुन्हा बघून आलंय.

कोस्ता-गावरास यांच्या ‘झेड’ या राजकीय हत्येवरच्या चित्रपटाच्या संकलनासाठी तुम्हाला ऑस्कर मिळालं तेव्हा तुमचं वय जेमतेम तिशीचं. त्यातली हेलेन, हल्ला झालेल्या नेत्याची बायको, जखमी नवऱ्यासाठी धावत येते आणि त्याच्या आठवणी मधेच, काही सूचना न देता, क्षणभर चमकून जातात. ना डिझॉल्व्ह (एक दृश्य हळूहळू दुसऱ्यात विरघळणं), ना वेगळं संगीत. आठवण अशीच तर येते! शेवटी त्या हत्येत गुंतलेले लष्करी अधिकारी एकामागून एक न्यायाधीशापुढे येतात: नाव, हुद्दा, टाइपरायटरची टकटक, आणि बाहेर पडताना चुकीच्या, बंद दाराशी झटापट. तोच क्रम पुन्हा पुन्हा येतो, तरी पकड सुटत नाही.

त्याच १९६९ साली मेलव्हिल यांचा ‘आर्मी ऑफ शॅडोज’ आला, नाझींच्या ताब्यातल्या फ्रान्समधल्या भूमिगत लढ्यावरचा. तोही तुम्हीच संकलित केलेला, यावर माझा आधी विश्वासच बसेना. (तुमच्या आई, मोनिक बोनो, यांनीही मेलव्हिलसाठी काम केलं होतं.) गेस्टापोच्या, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांच्या, तावडीतून निसटलेला भूमिगत नेता जर्बिए रात्री एका न्हाव्याच्या दुकानात शिरतो. भिंतीवर नाझींशी हातमिळवणी केलेल्या मार्शल पेतांचं पोस्टर, म्हणजे हा माणूस शत्रूला मिळालेला असणार. गळ्याशी वस्तरा. कुणी फारसं बोलत नाही आणि तुम्हीही घाई करत नाही. मग न्हावी मुकाट्याने, तो ओळखू येऊ नये म्हणून, त्याला घालायला दुसरा कोट काढून देतो. हा प्रसंग चार कट वाढवून ‘वेगवान’ केला असता तर त्या कोटाला काही किंमत उरली नसती.

पुढे ‘मिसिंग’साठी बाफ्टा हा ब्रिटिश पुरस्कार, मग ‘फ्रिडा’. पण माझ्यासाठी तुम्ही १९६९च्या या दोन चित्रपटांच्या.

सोलापूरच्या एका विणकर आजींवरचा माहितीपट माझ्याकडे होता. नवऱ्याबद्दल विचारल्यावर त्या बराच वेळ गप्प बसतात. निर्माते म्हणाले, “इथे पेस पडतोय, कापा.” मी त्यांना न्हाव्याचा तो प्रसंग लावून दाखवला. आजींचं गप्प बसणं एकही फ्रेम न कापता राहिलं. त्याबद्दल माझ्याकडून आणि आजींकडूनही तुमचे आभार.

तुमची ऋणी,
पुण्यातली एक संकलक