पर्स सीटवरच सोडायची, आई

ती. आई-बाबा,

साष्टांग नमस्कार. फोनवर मी कधी असं म्हणत नाही पण पत्र म्हटलं की हात आपोआप तेच टाईप करतो. दादाला सांगितलंय मोठ्या अक्षरात प्रिंट काढून दे म्हणून, आणि बाबा, तुम्ही आईला वाचून दाखवा, मधलं काही न गाळता.

काल बाबांनी विचारलं ना, माझ्याकडे इंग्लंडला यायचं तिकीट कॅन्सल केलं तर किती पैसे कापतात, तेव्हा मी चिडले, सॉरी. अहमदाबादचं विमान पडल्यापासून टीव्हीवर ते इतक्या वेळा दाखवलंय की आईला नुसतं विमान म्हटलं तरी तो धूर दिसतो, कळतं मला. मी पण त्या आठवड्यात धड झोपले नव्हते. तरी दरवेळी 'काही होत नाही गं' म्हणून विषय संपवत होते. ते तुम्हाला पटत नाही आणि खरं सांगू तर मलाही पटत नाही. म्हणून आज उलटं करते, तुम्ही ज्या एअरपोर्टवर उतरणार आहात तिथेच झालेला एक अपघात सांगते. इथे ऑफिसात एका वयस्कर बाईंच्या तोंडून पहिल्यांदा ऐकला, मग मी त्याच्याबद्दल मिळेल ते वाचत बसले. घाबरवायला सांगत नाहीये. तुझ्या पर्ससाठी सांगतेय, आई.

२२ ऑगस्ट १९८५, मँचेस्टर, सकाळी सातनंतरची वेळ. ग्रीसच्या कॉर्फू बेटावर सुट्टीला निघालेलं बोईंग ७३७, आत १३१ प्रवासी आणि क्रूचे ६ जण. विमान धावपट्टीवर पळत होतं, अजून जमीन सोडली नव्हती, आणि धप्पकन आवाज आला. कॅप्टनला वाटलं टायर फुटला नाहीतर पक्षी आपटला. त्याने तिथल्या तिथे टेकऑफ सोडून दिला आणि को-पायलटला म्हणाला ब्रेक फार जोरात मारू नको. बाबा, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त कळेल, टायर फुटल्यावर कचकन ब्रेक मारणारा ड्रायव्हर गाडी उलटी करतो हे तुमचंच वाक्य. तुम्ही कंडक्टर असताना कराडच्या अलीकडे तुमच्या एसटीचा पुढचा टायर गेला तेव्हा ड्रायव्हरमामांनी नुसतं स्टिअरिंग घट्ट धरून गाडी हळूहळू कडेला आणली होती, हे आम्ही लहानपणी शंभरदा ऐकलंय. टायर असता तर त्या कॅप्टनचं पूर्ण बरोबर होतं.

पण टायर नव्हताच. त्या इंजिनात इंधन जळायला गोल मांडलेले नऊ डबे असतात. डाव्या इंजिनातल्या नवव्या डब्याला आधी तडे गेले होते आणि ते वेल्डिंग करून तो परत बसवला होता. तो फुटला, त्याचा तुकडा इंजिनाचं कवच फोडून बाहेर आला आणि लागला कुठे, तर पंखाखालच्या इंधनाच्या टाकीच्या झाकणाला, जे आजूबाजूच्या पत्र्यापेक्षा खूप कमी ताकदीचं होतं. टाकीला भोक पडलं, इंधन ओतायला लागलं आणि लगेच पेटलं. कॉकपिटमध्ये आगीची घंटा वाजली ती धप्प झाल्यावर नऊ सेकंदांनी.

मग कॅप्टनने विमान धावपट्टीवरून उजवीकडच्या रस्त्याला वळवून थांबवलं. वारा म्हणाल तर ताशी १३ किलोमीटर, आपल्याकडे त्याला कोणी वारा पण म्हणणार नाही. पण वळल्यावर तो डावीकडून यायला लागला, म्हणजे आगीकडून विमानाकडे. आई, मामाच्या रानात पाचट पेटवायच्या आधी आजोबा मूठभर माती वरून सोडून वारा बघायचे ना. कॅप्टनला तेवढी सवड नव्हती, पाऊण मिनिटात सगळं झालं. मी त्याला दोष देऊ शकत नाही.

५५ माणसं गेली. उडालेलं नव्हतं ते विमान, कुठे आदळलंही नव्हतं, जमिनीवर उभं होतं, आगीचे बंब एअरपोर्टचेच, लगेच आले होते. आणि बहुतेक जण जळून नाही गेले, धुराने गेले. सीटचा फोम, भिंतींचं प्लास्टिक, ते जळल्यावर जो धूर होतो त्याने दोन-चार श्वासात माणूस खाली पडतो. वाचले ८२.

आता बाबा, तुमच्या खात्यातली गोष्ट. एसटीच्या मागच्या खिडकीवर लिहिलेलं असतं, 'संकटकाळी बाहेर पडण्याचा मार्ग', आणि त्याच्यापुढे हमखास कोणाचं तरी पोतं नाहीतर भाजीच्या पाट्या. तुम्ही गाडी सुटायच्या आधी मागे जाऊन ते हलवायला लावायचात, लोक कुरकुरायचे, मास्तर जागा कुठंय म्हणायचे, आणि तुम्ही डबल बेल द्यायचा नाहीत. ह्या विमानात तेच झालं होतं, फक्त पोत्याच्या जागी सीट होती. पंखावर उघडणाऱ्या दाराला लागूनच सीट. तिथे बसलेल्या बाईने घाबरून दाराचं हँडल समजून सीटचा हात ओढला, मग शेजारणीने वाकून खरं हँडल ओढलं तर ते २२ किलोचं दार आत त्या पहिल्या बाईच्या मांडीवर पडलं. २२ किलो म्हणजे आपल्या गॅसच्या टाकीतला गॅस अर्धाअधिक संपल्यावर जेवढी उरते तेवढं. पुढचं उजवं दार पहिल्या झटक्यात अडकलं. पुढच्या दारांकडे जायची वाट दोन भिंतींच्या मधून जेमतेम ५७ सेंटीमीटरची, तिथे माणसं एकमेकांत गच्च अडकली. डावं पुढचं दार आधी उघडलं, आणि उजवं उघडलं ते विमान थांबल्यावर सत्तरेक सेकंदांनी.

यानंतर क्रॅनफिल्ड नावाच्या इथल्या विद्यापीठात हेलन म्युअर नावाच्या बाईंनी प्रयोग केले. त्याआधी टेस्टमध्ये लोक शहाण्यासारखे रांगेत उतरायचे, खऱ्या अपघातात तसं होत नाही, मग काय करायचं, तर त्यांनी जुन्या विमानात माणसं बसवली आणि सांगितलं की पहिले निम्मे बाहेर येतील त्यांना ५ पौंड जास्त. बस्स! लोक सीटांवर चढले, एकमेकांना तुडवून गेले. बाबा, यांना सांगलीच्या स्टँडवर गणपतीच्या आधल्या दिवशी बोलवायला हवं होतं, खिडकीतून रुमाल टाकून सीट धरणारे फुकटात दिसले असते. पण त्या प्रयोगांतून कळलं की वाट किती रुंद हवी आणि दारापाशी किती मोकळं हवं. आज त्या दारांजवळ पाय पसरायला जी जागा असते ती आरामासाठी नाहीये. सीटची कव्हरं चटकन पेट घेत नाहीत, धुरात वरचं काही दिसलं नाही तर जमिनीलगत दिवे लागतात, हे सगळं मँचेस्टरनंतर इथे सक्तीनं आलं.

म्हणून बाबा, शेजारच्या काकांनी सांगितलेली 'इमर्जन्सी डोअरजवळची सीट, ऐसपैस असते' ती मी घेतलेली नाही. आईचे गुडघे आणि तुमचा खांदा बघता ती तुम्हाला देणारही नाहीत, तिथे दार उघडू शकणारा माणूस लागतो. रागावू नका. बाजूच्या वाटेची सीट घेतलीय, आई मध्ये.

आणि इंजिन बंद पडलं की विमान पडतं असं नसतं हो. विमानाचा एक ठरलेला वेग असतो, त्याच्या आत काही झालं तर थांबायचं, तो वेग ओलांडला की थांबायचं नाही, एका इंजिनावर वर जायचं आणि फिरून परत यायचं. एका इंजिनावर वर जाता आलंच पाहिजे अशीच ती बनवतात. तुमच्या भाषेत डबल बेल झाली की झाली. २०१६ मध्ये शिकागोला धावपट्टीवरच एका बोईंग ७६७ च्या इंजिनातली चकती फुटली, तुकडा जवळजवळ ९०० मीटर लांब जाऊन पडला, उजवीकडे हा एवढा जाळ, आणि आतले १७० च्या १७० बाहेर आले. पण त्याचा व्हिडिओ बघितला ना, आग लागलीय आणि माणसं डोक्यावरच्या कप्प्यातून बॅगा काढतायत. एअरहोस्टेस ओरडतेय सोडा सोडा, आणि हे बॅगा काढतायत. बघताना मला पहिल्यांदा तू दिसलीस आई.

तुझी ती चॉकलेटी रेक्झिनची पर्स, जिची चेन गेलीय म्हणून सेफ्टी पिन लावलीयस. आत विक्स, खडीसाखर, पासबुकाची झेरॉक्स, गजानन महाराजांचा फोटो, आणि रुमालात बांधलेल्या त्या पाटल्या. परवा बँकेत जिन्यावरून पाय घसरला तर तू कठडा नाही धरलास, पर्स धरलीस. दादाने सांगितलं मला. तर पाटल्या घरीच ठेव, वहिनीकडे दे. पासपोर्ट बाबांच्या बंडीच्या आतल्या खिशात, गोळ्या तुझ्या स्वेटरच्या खिशात. मग पर्समध्ये काही उरत नाही आणि महाराज रागावणार नाहीत. उतरा म्हणाले की उठायचं आणि चालायचं, बाबांचा शर्ट मागून धरून. बाबा, तुम्ही मागे वळून 'चष्मा घेतलास का' विचारायचं नाही.

बसल्या बसल्या एक काम करा बाबा. पुढचं दार आपल्यापासून किती सीटा आणि मागचं किती, ते मोजा, सीटांच्या पाठींना हात लावून. तीस वर्षं तुम्ही चालत्या गाडीत माणसं मोजलीत, वेबिलातल्या आकड्याशी एक डोकं कमी पडलं तर परत पहिल्यापासून मोजायचात. आणि विमान वर चढताना, खाली उतरताना चपला काढून बसू नका, दोघंही. आई मांडी घालून बसते ते विमान वर गेल्यावर.

लोणच्याची बरणी केबिनच्या बॅगेत चालत नाही, मोठ्या बॅगेत टाका, दोन प्लास्टिकच्या पिशव्यांत आणि मग जुन्या टॉवेलात गुंडाळून. गेल्या वेळी दादाच्या शर्टांना तेल लागलं होतं. चेक-इन झालं की सीट नंबर व्हॉट्सॲपवर पाठवा, आणि मोजलेल्या सीटा पण.

तुमची,
पिंकी