'सो' अक्षर आणि माझं नाव: बंड्याला पत्र

प्रिय बंड्या,

तुझा साडेचार मिनिटांचा व्हॉइस मेसेज दोनदा ऐकला, एकदा हडपसरच्या सिग्नलला आणि एकदा घरी जेवताना, तेव्हा बायको म्हणाली अहो एवढं बोलतोय तो तर सरळ फोन लावा की. पण फोनवर तू मला बोलू देत नाहीस म्हणून लिहितोय. लांबणार आहे. पोराला मांडीवर घेऊन निवांत वाच, तसंही आता सहा महिने रात्रीची झोप विसर.

तर गुरुजींनी पूर्वा भाद्रपदाचा दुसरा चरण काढला, अक्षर आलं 'सो', आणि तुमची गाडी सोहमवर अडकली. तुमच्याच सोसायटीत सोहम चार, त्यातला एक तर शेजारच्या फ्लॅटमध्ये, म्हणजे वहिनींनी बाल्कनीतून हाक मारली की दोन पोरं ओ देणार. मग तुला हॉस्टेलमधला पार्टनर आठवला आणि विचारतोस काय, "सोप्या, तुझं नाव ठेवलं तर चालेल का, आणि त्याचा अर्थ नक्की काय रे?" चार वर्षं एका खोलीत राहिलो, माझा टॉवेल वापरलास, आणि अर्थ आत्ता विचारतोयस!

अर्थ एका ओळीचा आहे. सोपान म्हणजे जिना, पायऱ्या. संस्कृतातला शब्द. तुलसीदासांच्या रामचरितमानसात सात कांडं आहेत ना, त्या प्रत्येक कांडाला तिथे सोपानच म्हणलंय, पहिला सोपान, दुसरा सोपान असं. केरळात देवळाच्या गाभाऱ्यापुढच्या पायऱ्यांपाशी उभं राहून गातात त्याला सोपान संगीत म्हणतात, सोबत इडक्का नावाचं वाद्य असतं. हे मला ऑफिसातल्या एका मल्याळी पोरीने सांगितलं, तिला माझं नाव ऐकून एवढा आनंद झाला की मला स्वतःला कधी झाला नव्हता. नाहीतर ते नावांच्या साइटवाले, त्यांच्याकडे कुठलंही नाव टाक, अर्थ एकतर सूर्य नाहीतर विष्णू. पायरी म्हणून नाव कोण ठेवतं, असं त्यांना वाटत असेल.

मला पण वाटायचं. शाळेत गणिताचे सर फळ्यासमोर उभं करून म्हणायचे, नाव सोपान आणि गणित अवघड व्हय रे? अख्खा वर्ग हसायचा, दर आठवड्याला तोच जोक, सरांचा स्टॉक कमी होता. इंजिनिअरिंगला तुम्ही लोकांनी साबण केलं. नोकरी लागल्यावर अमेरिकेतला क्लायंट 'सोपॅन' म्हणायला लागला, फ्रायपॅनच्या चालीवर, सहा वर्षं मी त्याला सुधारलं नाही कारण पगार वेळेवर येत होता.

पण नाव ठेवलं आबांनी. तुला आबा आठवतात का, तू एकदा दिवाळीत घरी आलेलास, ओट्यावर बसून तंबाखू मळत होते आणि तुला विचारलं होतं पाव्हणं, माळ का नाही गळ्यात? तेच. आमचं गाव बारामती तालुक्यात, सोपानकाकांची, म्हणजे ज्ञानेश्वरांचे धाकटे भाऊ संत सोपानदेव त्यांची, पालखी आमच्या भागातून जाते, आणि आबांची त्या दिंडीत वारी. त्यांनी नातवंडांची नावं जन्माला यायच्या आधीच ठरवून ठेवली होती, रांगेने. थोरल्या काकांचा पहिला निवृत्ती, दुसरा ज्ञानेश्वर, मग आमच्या घरात मी, आणि माझ्या पाठची मुक्ता. जोडी लावायला पोरं दोन घरातली घेतली, हिशोब पक्का. निवृत्तीदादा परवा रिटायर झाला, तेव्हा फॅमिली ग्रुपवर 'निवृत्तीची निवृत्ती' असं लिहून सतरा जणांनी एकच जोक मारला. माऊलीला, म्हणजे ज्ञानेश्वरदादाला, लहानपणापासून मान. आणि मी म्हणजे कायम 'ज्ञानेश्वरचा धाकटा'.

आता गंमत बघ, मूळ सोपानदेवांचं पण तेच आहे. कुणालाही विचार, "ज्ञानेश्वरांचे भाऊ ना?" पुढे काही नाही. वारकरी परंपरेत जी सालं सांगतात त्याप्रमाणे निवृत्तीनाथ 1273, ज्ञानेश्वर 1275, सोपान 1277, मुक्ताई 1279, प्रत्येकात दोन वर्षांचं अंतर. कीर्तनात या चार नावांचा जिना करून दाखवतात, आधी निवृत्ती, मग ज्ञान, मग सोपान म्हणजे वर चढायची वाट, आणि वर गेलं की मुक्ती. ऐकायला एकदम फिट बसतं. मला मात्र कायम वेगळंच डोक्यात येतं. या चौघांचे वडील विठ्ठलपंत लग्नानंतर काशीला जाऊन संन्यास घेऊन बसले होते, इकडे आळंदीत बायको रुक्मिणीबाई एकट्या. गुरू फिरत आळंदीला आले, तिने नमस्कार केला, त्यांनी सवयीने पुत्रवती भव म्हणलं, मग सगळा उलगडा झाला आणि त्यांनी शिष्याला परत संसारात पाठवलं. म्हणजे संन्यासातून ऑर्डर काढून घरी पाठवलेला माणूस, त्याला पहिला मुलगा होतो, आणि तो त्याचं नाव ठेवतो निवृत्ती! काय चाललं असेल रे त्याच्या मनात? आणि रुक्मिणीबाईंच्या? त्यांना विचारून ठेवलं असेल का? मला तर वाटतं पहिलं नाव ठेवताना कुठला जिनाबिना डोक्यात नव्हता, तिसऱ्या पोरापर्यंत येता येता तो तयार झाला असेल. असो, हे माझं. कीर्तनकारासमोर बोलू नकोस.

पुढचं तुला माहितीच आहे, संन्याशाची पोरं म्हणून गावाने वाळीत टाकलं, आईबापाला देहांत प्रायश्चित्त सांगितलं आणि त्यांनी प्रयागला जाऊन जीव दिला. मग ही चार पोरं शुद्धिपत्रासाठी पैठणला निघाली. इथे नामदेवांच्या अभंगात एक जागा आहे जी आबा मला फार रंगवून सांगायचे. जावं की नाही यावर भावांचं बोलणं होतं. निवृत्तीनाथ म्हणतात आपल्याला कुळबिळ काही नाही, आपण त्याच्या पलीकडचे. ज्ञानेश्वर म्हणतात तसं असलं तरी शास्त्राची रीत पाळावी. आणि धाकटा सोपान काय म्हणतो, तर व्यास आणि वाल्मीकी कुठल्या कुळाचे होते? वसिष्ठ, अगस्ती यांचं कुळ कुणी विचारलं? तसंच आमचं. एवढंसं पोरगं, आईबाप नुकतेच गेलेले, आणि डायरेक्ट ऋषींचे दाखले काढतंय. आबा इथे थांबून माझ्या डोक्यावर टपली मारायचे, जसं काय ते मीच बोललो होतो.

गीतेवर त्यांची सोपानदेवी म्हणून टीका सांगतात, थोडे अभंग आहेत. आणि समाधी सासवडला, कऱ्हेच्या काठी. 1296 मध्ये कार्तिक वद्य त्रयोदशीला ज्ञानेश्वर आळंदीत बसले आणि बरोबर एका महिन्याने, मार्गशीर्ष वद्य त्रयोदशीला, हे. हिशोब केलास का? एकोणीस वर्षांचे. आपण एकोणीसाव्या वर्षी मेसच्या भाजीवरून उपोषण केलं होतं.

सासवडवरून आठवलं. आचार्य अत्रे त्याच भागातले, जन्म सासवडजवळच्या कोडीत गावचा, 1898 चा. आणि तिकडे लांब खानदेशात बहिणाबाई चौधरींनी आपल्या मुलाचं नाव काय ठेवलं, तर सोपान. तेच कवी सोपानदेव चौधरी. आई जात्यावर, शेतात ओव्या रचायची, लिहिता येत नव्हतं, तर मुलाने आणि त्याच्या मावसभावाने त्या उतरवून घेतल्या, आणि ती गेल्यावर सोपानदेवांनी त्या अत्र्यांपुढे नेऊन वाचल्या, अत्रे उडालेच, आणि 1952 ला पुस्तक आलं. म्हणजे सोपानकाकांच्या गावाकडचा माणूस आणि सोपान नावाचा मुलगा, या दोघांमुळे बहिणाबाई आपल्या घरात आल्या. सोपानदेव स्वतः चांगले कवी होते बरं का, पण आज कुणालाही विचार, "बहिणाबाईंचे चिरंजीव ना?" बघ, परत तेच. या नावाला हे चिकटलेलंच आहे, कुणाचा तरी भाऊ, कुणाचा तरी मुलगा, त्यांच्यावरून लोक पुढे जातात. पायरीच शेवटी. तुला चालणार असेल तरच ठेव, नाहीतर पोरगं वीस वर्षांनी तुला विचारेल.

माझं मात्र या नावाशी जे काय जमलं ना, ते मी सहा-सात वर्षांचा असताना, टप्प्यावर. टप्पा म्हणजे वेळापूरहून भंडीशेगावला जाताना तोंडले-बोंडले सोडलं की येतं ते ठिकाण. वारीत होतं काय, की माऊलींची पालखी दिवे घाट चढून सासवडला मुक्कामाला येते, आणि त्याच वेळी ज्येष्ठ वद्य द्वादशीला सोपानकाकांची पालखी सासवडहून निघते. थोरला भाऊ घरी आलेला आणि धाकटा बाहेर पडतो, आमच्या घरात असं केलं असतं तर काकूने वर्षभर ऐकवलं असतं. मग माऊली जेजुरी, लोणंद, फलटण करत जातात, काका बारामती, अकलूजकडून, आणि पंढरपूर जवळ आलं की दोन वाटा टप्प्याला एकत्र होतात. त्याला बंधूभेट म्हणतात.

आबांनी त्या वर्षी मला तेवढ्यासाठी नेलं होतं. दुपार उलटलेली, पाऊस नुकताच पडून गेलेला, चिखल, आणि माणूस इतकं की मला नुसते पाय दिसत होते, धोतरं, काठ्या, एका बाईच्या डोक्यावरच्या तुळशीतून पाणी माझ्या मानेवर ठिबकत होतं. मी रडायला लागलो तसं आबांनी मला खांद्यावर घेतलं. आबांचं वय तेव्हा साठीच्या पुढे असेल. वरून दिसलं, माऊलींचा रथ येतोय, एवढा मोठा, पुढे मागे दिंड्याच दिंड्या, संपतच नाहीत. आणि तो रथ थांबला. शेजारी काकांचा रथ येऊन टेकला. आधी टाळ चालू होते, मग एकदम असा आवाज उठला लोकांचा, माऊली माऊली म्हणून, की मी आबांचे कान धरले. दोन्हीकडच्या मानकऱ्यांनी एकमेकांना नारळ दिले, मिठ्या मारल्या. शेजारचा एक आडदांड पैलवान गडी, मिशीवाला, तोंडात उपरणं कोंबून रडत होता. आबा वर मान करून मला म्हणाले, "बघितलं का, कुणासाठी थांबलाय?"

झालं, एवढंच. नंतर आम्ही केळी खाल्ली आणि मला ताप आला. पण गणिताच्या सरांचा जोक त्यानंतर मला तितका लागला नाही, खरंच सांगतो.

एक कोडं मला अजून सुटलेलं नाही. ज्ञानेश्वर माऊली, म्हणजे आई. मग आईचा भाऊ मामा व्हायला पाहिजे ना, यांना काका कसे म्हणतात? मी आबांना विचारलं तर म्हणाले गप जेव.

आणि तुझ्या आईचं जे म्हणणं आहे की पायरी म्हणजे पायाखालची वस्तू, पोराचं नाव असं कसं, तर काकूंना म्हणावं पंढरपूरला गेलात तेव्हा महाद्वारात नामदेव पायरीवर पाय ठेवला होता का? नाही ना, वाकून हात लावला आणि मग आत गेलात. नामदेवांनी ती जागा मागून घेतली म्हणतात, संतांचे पाय लागावेत म्हणून, आणि आता तिथे पाय ठेवायची कुणाची हिंमत नाही. हे सांग त्यांना, आणि सांगताना माझं नाव सांग, त्यांना माझा शब्द चालतो, तुझा नाही.

आता काही कामाच्या गोष्टी. जन्मदाखल्यावर इंग्रजी स्पेलिंग करताना पा मध्ये डबल ए लाव, माझ्या वेळेला सिंगल लावला आणि त्याचा तो फ्रायपॅन झाला. 'सोपानदेव' करू नकोस, फॉर्ममधल्या चौकोनांत मावत नाही, आणि देव गळून पडतोच. घरात लाडाचं नाव लगेच एखादं पक्कं करून टाक, नाहीतर शेजारची पोरं सोप्या करतातच, तो काही टळत नाही. आणि अनकॉमन आहे, युनिक आहे म्हणून ठेवत असशील तर नको ठेवूस, कारण आमच्याकडे साठीच्या पुढचे सोपानराव गावात दोन-चार तरी निघतात, दूध डेअरीला, सोसायटीला, एक तर आमचा न्हावी होता. हे आजोबांचं नाव आहे बाबा, तुझ्या बाळाच्या वर्गात एकटाच असेल एवढंच. मला विचारशील तर ठेव. मी माझ्या मुलाचं कबीर ठेवलं, बायकोच्या आवडीचं, छान आहे, पण आबा असते तर त्यांनी कुठला तरी निवृत्तीच घुसवला असता.

बारशाला मी, बायको, पोरगं आणि आई असे चौघं शनिवारी रात्रीच्या गाडीने येतोय, तिकिटं वेटिंगला आहेत पण होतील. तुझ्या ताईला सांगून ठेव, पाळण्याला वाकून कानात नाव सांगताना 'पा' जरा लांबवायचा, सो-पाऽन, आणि ते 'कुर्रर्र' नंतर. घुगऱ्या मात्र गव्हाच्याच कर, मागच्या वेळेसारखं हरभऱ्यावर भागवू नकोस.

वहिनींना नमस्कार, पिल्लाला पापा.

तुझा,
सोप्या