मधूच्या जामिनाचं

कराड, रविवार रात्र

प्रिय सुध्या,

अकरा महिने ना फोन, ना पत्र. चूक माझी. तब्येत बरी आहे, आईचा गुडघा आहे तसाच. मधू पळाला, आणि हे तुझ्याशिवाय कुणाला सांगू?

कोर्टाच्या पायरीवर तू म्हणालास, "त्याला पैसे देईन, पण जामीन राहणार नाही." मी तुला सगळ्यांदेखत भित्रा म्हणालो आणि सही ठोकली. पंचवीस हजारांचा जामीन, सोबत सातबारा, याआधी किती जणांना जामीन राहिलो त्याचं प्रतिज्ञापत्र. कारकुनानं रेशनकार्डाच्या शेवटच्या पानावर लाल शाईनं केस नंबर टाकला. आज ते पान काढून बघत बसलो होतो. सही करताना मधूनं मागून माझ्या शर्टाची बाही धरली होती, शाळेत साहेब तपासणीला आले की धरायचा तशी.

दोन तारखांना तो आला नाही. त्याच्यावर वॉरंट निघालं, जामीनपत्र जप्त झालं आणि मंगळवारी हवालदार नोटीस घेऊन दारात. रंजनाला वाटलं, मलाच न्यायला आलेत. गावात तर सगळे हेच सांगतात, आरोपी पळाला की जामीनदार आत. तसं नाही रे! वकिलांनी वहीत लिहून दिलंय : नागरिक सुरक्षा संहिता, कलम ४९१, जुन्या कायद्यातलं ४४६. जामीनपत्र जप्त झालं तरी आधी 'रक्कम भरा, नाहीतर का भरू नये ते सांगा' अशी नोटीस द्यावीच लागते. जामीनदाराला बोलायची संधी दिल्याशिवाय दंड नाही, हे सुप्रीम कोर्टानं १९६० मध्ये गुलाम मेहदीच्या खटल्यात सांगून ठेवलंय. कारण पटलं नाही आणि पैसेही भरले नाहीत, तर दंडासारखी वसुली. तशीही वसूल झाली नाही तरच दिवाणी तुरुंग, जास्तीत जास्त सहा महिने. कारणं नोंदवून कोर्ट रक्कम कमी करू शकतं. वर सेशन्समध्ये अपील आहेच. हे रंजनाला तीनदा वाचून दाखवलं, तेव्हा कुठं ती दोन घास जेवली.

माझी झोप उडालीय ती दुसऱ्याच कलमानं. ४८९. जामीनदार कधीही अर्ज देऊ शकतो, मला मोकळं करा. मग कोर्ट आरोपीवर वॉरंट काढतं, तो हजर झाला की जामीनदार सुटला. त्यानं दुसरा जामीनदार आणायचा, नाहीतर कोठडी. हे मला दिवाळीतच कळलं होतं. मधू फोन उचलेनासा झाला होता, पण तारीख अजून चुकली नव्हती. वकिलांनी अर्ज टाइप करून समोर ठेवला. मी पेनचं टोपण काढलं आणि परत लावलं. माझ्या सुटकेचा अर्ज म्हणजे त्याच्या अटकेचा अर्ज, सुध्या. नाही झाली सही. आता दिला तरी जप्त झालेल्या रकमेतून सुटका नाही, असं वकील म्हणतात.

विहिरीत चेंडू मधूनंच टाकला होता, मी नाही. गुरुजींचा मार मी खाल्ला आणि वर तुझ्याशीच भांडलो. तू पंचवीस वर्षं म्हणतोयस, चेंडू माझा होता, पैसे दे. देतो बाबा, एकदा ये!

तेवीस तारखेला नोटिशीचं उत्तर द्यायचंय. चारदा त्याच्या घरी गेलो, बहिणीकडे चौकशी केली, सगळं खरं लिहिणार. त्याला धरून ओढत आणायचा हक्क मला नाही, असता तरी हात धजला नसता. पण त्याचा फोन तुला येत असणार. माझ्याशी बोलायला त्याला तोंड नाही, तुझ्याशी बोलेल. त्याला सांग, तेवीसच्या आत वकील घेऊन आपणहून हजर हो, वॉरंट रद्द करायचा अर्ज देता येतो. मी शेजारी उभा राहीन. आणि येणारच नसेल, तर कोर्टानं विचारल्यावर मला माहीत असलेला प्रत्येक पत्ता मी सांगणार. हेही त्याला सांग. चोरून नको करायला.

तुझी बदली झाली का? सोनूची दहावी ना यंदा? वहिनींना नमस्कार.

तुला भित्रा म्हणालो तो शब्द परत घेतो. त्याला पुन्हा जामीनदार लागला, तर तुला विचारायला येणार नाही.

तुझा,
दिन्या